समुद्रावरच्या उजेडाला राखणदार हवा

काळोखाच्या रात्री जाळ्याला मासळी जास्त लागते, हे कफ परेडच्या मच्छीमार नगरातलं शाळकरी पोरही सांगेल. चांदण्यात माशाला जाळं दिसतं आणि तो वळतो. अंधारात तो सापडतो. म्हणून आमच्या घरांत अमावास्येच्या आगेमागचे दिवस कमाईचे. आता अमावास्येलाही समुद्रावर पुरता काळोख नसतो. रायगडच्या बाजूने येणारे आमचे खलाशी सांगतात, की लांब पाण्यावर पांढरा झगमगाट दिसतो. जवळ गेलं की कळतं, मोठी बोट उभी आहे, कठड्याला ओळीने दिवे टांगलेत, काही दिवे पाण्यात सोडलेत आणि जनरेटर धडधडतोय. उजेडाकडे मासळी धावत येते. मोठी येते, अंड्यांवर आलेली येते, अजून बोटाएवढी न झालेलीही येते. ती जमली की पर्ससीन जाळ्याचा गोल वेढा घालायचा आणि तळ आवळायचा.

ही एलईडी मासेमारी बेकायदा आहे. केंद्र सरकारने नोव्हेंबर २०१७ मध्ये देशाच्या सागरी आर्थिक क्षेत्रात कृत्रिम दिव्यांनी मासेमारी करायला बंदी घातली. महाराष्ट्राने आपला १९८१ चा सागरी मासेमारी नियमन कायदा २०२१ मध्ये सुधारला आणि दंड लाखांच्या घरात नेला. तरी दिवे पेटतात. दर मोसमात निवेदनं दिली जातात, मोर्चे निघतात, एखादी बोट पकडल्याची बातमी येते, आणि पुढच्या अंधाऱ्या पंधरवड्यात पुन्हा तेच. याचं एक साधं कारण मला दिसतं. समुद्रावरच्या या उजेडावर कायदा आहे, राखणदार नाही.

मी मच्छीमार नगरात वाढले, महापालिकेच्या शाळेत भूगोल शिकवला आणि आता निवृत्त आहे. एकदा सातवीतल्या एका मुलीने कल्पनाविस्ताराच्या निबंधात एक संघ रचला होता. त्या संघातली माणसं जगाची वेळ आणि जगाचा उजेड राखतात, शपथ घेतात, रात्रपाळी करतात, आणि त्यांनी एक रात्र जरी डोळा लावला तरी सगळं जग चुकतं. निबंध मी वर्गात वाचून दाखवला आणि मुलांना सांगितलं, की हा संघ खरा आहे, आणि आपल्या शाळेपासून बसने जाता येईल इतक्या अंतरावर त्याची ठाणी आहेत. मुलांना ती गंमत वाटली. मला मात्र ते शब्दशः म्हणायचं होतं, आणि आजही म्हणायचं आहे.

त्या संघाचं एक ठाणं आमच्याच घरात होतं. माझे बाबा तांडेल, म्हणजे बोटीचे प्रमुख. घरात भिंतीवर घड्याळ होतं, पण त्याचं काम शाळेच्या आणि रेशनच्या वेळेपुरतं. बोट कधी काढायची, कधी किनाऱ्याला लावायची, हे तिथीवर ठरे. हिशेब सोपा आहे आणि तो मी भूगोलाच्या प्रत्येक वर्गाला फळ्यावर मांडून दाखवला. आज कोणती तिथी आहे ते बघा. त्या आकड्याची पाऊणपट करा. जे उत्तर येईल ती पूर्ण भरतीची वेळ, दिवसाचीही आणि रात्रीचीही. चतुर्थी असेल तर तीन वाजता. षष्ठी असेल तर साडेचारला. अष्टमीला सहा वाजता. नवमीला पावणेसात. पौर्णिमेला किंवा अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा, म्हणजे बाराच्या आतबाहेर पाणी भरलेलं. भरतीनंतर सहा तासांच्या थोडं पुढे पूर्ण सुकती, म्हणजे ओहोटी. मिनिटांचा फरक पडतो, पण होडी बाहेर काढायला एवढं पुरतं.

‘आज अष्टमी हाय, सहाला पानी भरल,’ एवढं एक वाक्य बाबा उंबऱ्यातून बोलत आणि त्यावर सगळं घर हलत असे. अष्टमीच्या दिवसांत पाण्याला जोर नसतो. त्याला आम्ही भांग म्हणतो. पौर्णिमा-अमावास्येला उधाण. भांगाला कोणतं जाळं आणि उधाणाला कोणतं, कोणत्या दिवसांत जाळी रफू करायची, हे सगळं त्यावर. आईची वेळ वेगळी. ती पहाटेच्या अंधारात ससून डॉकला लिलावाला जाई, आणि किती वाजता निघायचं हेही शेवटी बोटी कोणत्या पाण्यावर आत येणार त्यावर ठरे. आमच्या घरात वेळ सांगणारा चंद्र होता आणि त्याला वाचणारी माणसं होती.

दुसरं ठाणं कुलाब्याची वेधशाळा. पावसाळ्यात रोजच्या वर्तमानपत्रात ‘कुलाबा’ आणि ‘सांताक्रूझ’ असे पावसाचे दोन आकडे येतात. त्यातला पहिला आकडा जिथून येतो ती ही जागा. ईस्ट इंडिया कंपनीने १८२६ मध्ये तिची स्थापना केली तेव्हा हेतू पावसाचा नव्हता. बंदरात येणाऱ्या जहाजांना अचूक वेळ द्यायची होती. दुर्बिणीतून तारा बरोबर मध्यान्हवृत्तावर येण्याचा क्षण टिपायचा, त्यावरून घड्याळ लावायचं आणि ती वेळ बंदराला कळवायची. त्यासाठी किल्ल्यातल्या बॉम्बे कॅसलवर एक मोठा गोळा खांबावर चढवत आणि नेमक्या क्षणाला खाली सोडत. बंदरात नांगरलेल्या प्रत्येक जहाजाचा कप्तान डोळ्याला दुर्बीण लावून त्या गोळ्याकडे बघत असे आणि आपला कालमापक ताडून घेत असे.

एवढा खटाटोप कशासाठी? पृथ्वी चोवीस तासांत स्वतःभोवती एक फेरी मारते, म्हणजे चार सेकंदांत रेखांशाची एक कला पुढे सरकते. जहाजावरचं घड्याळ चार सेकंद चुकलं तर मुंबईच्या अक्षांशावर जहाजाची जागा पावणेदोन किलोमीटरने चुकते. अंधारात, पावसात, खडकाळ किनाऱ्याजवळ पावणेदोन किलोमीटर म्हणजे जहाज वाचणं आणि फुटणं यांतलं अंतर. वेधशाळेत रात्र जागणारा माणूस कुणाला दिसत नव्हता, पण त्याच्या चार सेकंदांवर शेकडो जीव तरंगत होते.

या वेधशाळेत केरो लक्ष्मण ऊर्फ केरूनाना छत्रे तरुणपणी नोकरीला होते. अलिबागजवळच्या नागावचा हा माणूस पुढे पुण्यात गणिताचा नामवंत प्राध्यापक झाला. लोकमान्य टिळक त्यांचे विद्यार्थी. केरूनानांनी १८६० मध्ये ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ हा ग्रंथ लिहिला आणि आकाशाशी जुळणारं पंचांग व्हावं म्हणून पटवर्धनी पंचांगाच्या कामात लक्ष घातलं. मला या गोष्टीचं मोठं मोल वाटतं. कुलाब्याच्या दुर्बिणीतून शिकलेला माणूस पंचांगाची तिथी सुधारायला बसला, आणि त्याच कुलाब्याच्या किनाऱ्यावर कोळी त्या तिथीची पाऊणपट करून होडी पाण्यात लोटत होता. दोघांना एकमेकांचं नाव माहीत असण्याची गरज नव्हती. दोघं एकाच संघातले.

वेधशाळेचा पुढचा इतिहासही आपण मुलांना सांगायला हवा. तिथे १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाची नोंद होऊ लागली. सप्टेंबर १८५९ मध्ये सूर्यावरून आलेल्या ज्ञात इतिहासातल्या सर्वांत मोठ्या चुंबकीय वादळाची नोंद कुलाब्याच्या उपकरणांनी केली. आजही जगभरातले अभ्यासक ती नोंद काढून बघतात. नानाभाई मूस १८९६ मध्ये वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक झाले, आणि कुलाब्यातल्या एका रस्त्याला त्यांचं नाव आहे. मुंबईत विजेच्या ट्राम येणार हे ठरलं तेव्हा त्या विजेने चुंबकसुया विचलित होतील, हे उघड होतं. मग १९०४ मध्ये अलिबागला नवी चुंबकीय वेधशाळा सुरू केली, तिच्या बांधकामात लोखंड वापरलं नाही, आणि दोन्हीकडच्या नोंदी जुळाव्यात म्हणून दोन वर्षं दोन्ही ठिकाणी बरोबरीने मोजमाप केलं. ट्राम १९०७ मध्ये धावली, तोवर नोंदीची साखळी शाबूत राहील याची सोय झालेली होती. नवा उद्योग येत होता म्हणून जुनी राखण मोडीत काढली नाही. आधी तिची व्यवस्था लावली. १२० वर्षांपूर्वी हे जमलं होतं.

तिसरं ठाणं प्रॉन्ग्जचं दीपगृह. कुलाब्याच्या दक्षिण टोकापुढे खडकांची रांग पाण्याखाली लांबवर गेली आहे. त्या रांगेवर थॉमस ऑर्मिस्टन या अभियंत्याच्या आराखड्याप्रमाणे १८७५ मध्ये चाळीस मीटरांहून उंच दगडी मनोरा उभा राहिला. ज्या वर्षी ससून डॉक सुरू झाला त्याच वर्षी. त्याच्या आधी १८६७ मध्ये दक्षिणेला खांदेरीवर दिवा लागला होता. खांदेरी म्हणजे शिवाजी महाराजांनी १६७९ मध्ये इंग्रज आणि सिद्दी या दोघांच्या डोळ्यांदेखत बांधायला घेतलेला जलदुर्ग. तिथला वेताळ हे आम्हा कोळ्यांचं दैवत. २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या ज्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा म्हटलं, त्यात खांदेरी आहे.

लहानपणी बाबांनी एकदा मला रात्री बोटीवर नेलं होतं. बॅकबेच्या बाहेर आल्यावर डाव्या हाताला प्रॉन्ग्जचा झोत फिरताना दिसला. मी नुसती बघत होते; बाबा मोजत होते. झोत आला की एकपासून मोजायला सुरुवात, पुढचा झोत आला की थांबायचं. दोनदा मोजून त्यांनी मान हलवली आणि सुकाणू थोडं वळवलं. पुढे भूगोल शिकले तेव्हा त्यामागचं शास्त्र कळलं. प्रत्येक दीपगृहाची लय वेगळी ठरवलेली असते: किती सेकंदांनी झोत, एका वेळी किती झोत, रंग कोणता. अंधारात मनोऱ्याचा आकार दिसत नाही, दगडाचा रंग दिसत नाही. उजेडातलं वेळेचं अंतर हीच त्याची ओळख. लय चुकली तर तांडेल एका दिव्याला दुसरा समजेल आणि बोट खडकावर घालेल. दिव्यात वेळ राखलेली असते म्हणूनच दिवा उपयोगी पडतो.

ती लय माणसं राखत. जुन्या दीपगृहांत भिंग फिरवायला घड्याळासारखं यंत्र असे. त्याचं वजन हळूहळू खाली येई आणि राखणदाराला रात्रीतून ते पुन्हा पुन्हा वर ओढून चावी द्यावी लागे. दिवसा भिंगावर पडदा टाकावा लागे, कारण उघड्या भिंगातून सूर्याचे किरण एकवटले तर आतच आग लागायची. काचांवर समुद्राच्या खारट हवेचा थर चढतो तो रोज पुसायचा. सूर्यास्ताला दिवा लावायचा, सूर्योदयाला मालवायचा, आणि दोन्ही वेळा वहीत लिहायच्या. आज वीज आहे, सौर पॅनेल आहेत, दूरवरून देखरेख करता येते. तरीही दिव्याला मालक आहे. आपल्याकडे १९२७ मध्ये दीपगृहांचा कायदा झाला आणि तेव्हापासून त्यांच्यासाठी स्वतंत्र केंद्रीय खातं आहे. २०२१ मध्ये संसदेने तो कायदा बदलून सागरी दिशादर्शनाच्या साधनांचा नवा कायदा केला. एखादा दिवा विझला तर त्याची सूचना जगभरच्या जहाजांना जाते. दिवा विझला ही बातमी असते, कारण तो पेटता ठेवणं कुणाचं तरी काम असतं.

या तिन्ही ठाण्यांवरची माणसं एकमेकांपासून फार वेगळी: कुणी गणिती, कुणी सरकारी नोकर, कुणी अंगठाबहाद्दर तांडेल. पण त्यांचे रिवाज सारखेच होते. पहिला रिवाज, वेळ आणि उजेड सगळ्यांसाठी फुकट. वेळेचा गोळा कंपनीच्या जहाजासाठी पडे तसाच अरबांच्या गलबतासाठीही पडे. प्रॉन्ग्जचा दिवा परदेशी बोटीलाही दिसतो आणि दोन माणसांच्या होडीलाही. दुसरा रिवाज, ठरलेल्या वेळीच. दिवा मनाला येईल तेव्हा लावायचा नाही. कोळीही मनाला येईल तेव्हा समुद्रावर जात नसे; पावसाळ्यात बोटी किनाऱ्यावर शाकारून ठेवायच्या आणि नारळी पौर्णिमेला नारळ वाहिल्यावरच पुन्हा पाण्यात लोटायच्या. मासळी अंड्यांवर असते ते हे दिवस. आज सरकार पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै अशी ६१ दिवसांची बंदी घालतं, तिचं मूळ या रिवाजात आहे. तिसरा रिवाज, नोंद ठेवायची आणि जबाबदार माणूस कोण ते सगळ्यांना ठाऊक असायचं. वेधशाळेची वही, दीपगृहाची वही, आणि बोटीवर तांडेल.

नोंदीचंच उदाहरण घ्या. अपोलो बंदरावर समुद्राची पातळी मोजायला १८७८ मध्ये सुरुवात झाली. समुद्र किती चढला, हे आज आपण सांगू शकतो, ते कुणीतरी जवळजवळ दीडशे वर्षं रोज ते लिहून ठेवलं म्हणून.

शहराच्या घड्याळावरून तर एकदा जोरात भांडण झालं. देशाला एक प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली. मुंबईची स्थानिक वेळ तिच्यापेक्षा ३९ मिनिटं मागे होती आणि मुंबईकरांनी ती सोडायला नकार दिला. गिरणी कामगारांनी विरोध केला, महापालिकेने आपली घड्याळं मुंबईच्या वेळेवरच ठेवली, आणि हा आग्रह थेट १९५५ पर्यंत टिकला. एका शहराने ३९ मिनिटांसाठी जवळजवळ ५० वर्षं हट्ट धरला. कारण आपली वेळ कोण ठरवणार, हा प्रश्न लोकांना महत्त्वाचा वाटला होता. समुद्रावरचा काळोख कोण ठरवणार, हा प्रश्नही तेवढ्याच तोलाचा आहे. तो मूठभर कोळीवाड्यांवर सोडून शहराने मोकळं होऊ नये.

कारण एलईडीचा दिवा या तिन्ही रिवाजांवर एकदम घाव घालतो. तो उजेड सगळ्यांसाठी नाही. ज्याच्याकडे मोठी बोट, जनरेटर आणि पर्ससीन आहे त्याच्यापुरता आहे, आणि आसपासच्या शंभर लहान जाळ्यांची मासळी तो ओढून नेतो. त्याला वेळ नाही. काळोखी रात्र हीच त्याची संधी, आणि पिलं वाढायला जो काळ लागतो तोही त्याला मान्य नाही. आणि त्याची नोंद नाही. कोणत्या रात्री कुठे किती दिवे पेटले, हे लिहिणारा कुणी नाही. महाराष्ट्राने २०२३ मध्ये पापलेटला राज्यमासा केलं. आमच्याकडे त्याला सरंगाही म्हणतात. ज्या माशाला आपण राज्याचा मान दिला त्याची पिलं वाढू द्यायची असतील, तर त्याच्या समुद्रात रात्र शिल्लक ठेवली पाहिजे.

समोरून दोन मुद्दे येतात आणि दोन्ही मी गंभीरपणे घेते. पहिला, की कोळी नव्या तंत्राला विरोध करतात. आमच्या वाडीत येऊन बघा. वल्ह्यांच्या जागी इंजिन आलं, सुती जाळ्यांच्या जागी नायलॉन आलं, जीपीएस आलं, मासे शोधणारं यंत्र आलं. बाबांनीही वेळ आल्यावर इंजिन घेतलं. जे तंत्र आपल्याला मदत करून समुद्राला श्वास घ्यायला जागा ठेवतं, ते आम्ही घेतलंच आहे. एलईडी ती जागा ठेवत नाही. दुसरा मुद्दा, की दिवे लावणाऱ्या बोटींवरही आपलीच माणसं आहेत, त्यांच्यावर कर्ज आहे. हे खरं आहे. कर्ज काढून बोट बांधणाऱ्याला हप्ता भरायचा असतो आणि शेजारचा दिवे लावून भरून येतो तेव्हा हा रिकामा कसा येईल? म्हणूनच तर राखणदार हवा. सगळे पाळणार असतील तर एकट्याने पाळणाऱ्याचं नुकसान होत नाही. कायदा कागदावर राहिला की प्रामाणिक माणूस तेवढा मार खातो.

अडचण कुठे आहे तेही स्पष्ट बोलू. किनाऱ्यापासून बारा सागरी मैल, म्हणजे सुमारे बावीस किलोमीटर, राज्याची हद्द, त्यापलीकडे केंद्राची. दिवे लावणारी बोट या रेषेच्या आतबाहेर करते. राज्याने २०२५ च्या सुरुवातीला ड्रोनने टेहळणी सुरू केली, हे चांगलं झालं. पण ड्रोन बोट पाहू शकतो, बोटीवर चढू शकत नाही. रात्री पाण्यात माणूस लागतो. आणि पाण्यात जायच्या आधीच करता येण्याजोगं काम तर बंदरावर आहे. एवढे दिवे, एवढ्या तारा आणि एवढा मोठा जनरेटर खिशात घालून कुणी समुद्रावर जात नाही. ते बंदरावर, दिवसाढवळ्या, सगळ्यांसमोर चढवले जातात.

राखणदार कुठून आणायचे, असं कुणी विचारलं तर मी मच्छीमार नगराकडे बोट दाखवीन. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री दहा अतिरेकी रबरी बोटीतून आमच्याच किनाऱ्याला, बधवार पार्कजवळ उतरले. त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते कोळ्यांनी, आणि ‘कोण तुम्ही?’ असं पहिल्यांदा विचारलं तेही कोळ्यांनी. त्यानंतर सरकारने मच्छीमारांना बायोमेट्रिक ओळखपत्रं दिली, बोटींना रंग ठरवून दिले, आणि मच्छीमार हे समुद्रावरचे डोळे आणि कान आहेत असं प्रत्येक सभेत सांगितलं. ते डोळे आजही उघडे आहेत. परक्या बोटीची खबर द्यायला जे डोळे चालतात, ते बेकायदा दिव्याची खबर द्यायलाही चालले पाहिजेत. खबर दिली तर नाव फुटेल, बंदरावर वैर होईल, ही भीती खलाशाच्या मनातून गेली पाहिजे. तेवढी जबाबदारी शासनाची.

कोळ्यांचं ऐकलं तर काय होतं, याचं उदाहरण वरळीला आहे. किनारी रस्त्याच्या पुलाचे खांब तिथे एकमेकांपासून साठ मीटरांवर येणार होते. एवढ्या अंतरातून लाटांच्या दिवसांत बोटी सुखरूप जाणार नाहीत, असं वरळी कोळीवाड्याने सांगितलं, काम अडवून धरलं, आणि शेवटी २०२२ च्या अखेरीस अंतर १२० मीटर करायचं ठरलं. रस्ताही झाला आणि वाटही राहिली. कोळ्यांचं हे ज्ञान अगदी पहिल्याच बैठकीत मागितलं असतं तर भांडणाची सगळी वर्षं वाचली असती.

म्हणून माझ्या मागण्या साध्या आणि करता येण्याजोग्या आहेत. प्रत्येक अमावास्येच्या मागचे चार आणि पुढचे चार दिवस रात्रीची गस्त बंधनकारक करा, आणि राज्य आणि केंद्र यांच्या बोटी त्या दिवसांत एकत्र निघू द्या, म्हणजे बारा मैलांच्या रेषेचा आडोसा उरणार नाही. दिव्यांची आणि जनरेटरची तपासणी बंदरावर, बोट सुटायच्या आधी करा, आणि तिथे मच्छीमार सहकारी संस्थेचा प्रतिनिधी सही करायला असू द्या. ज्या बोटीवर दिवे सापडतील तिचा डिझेलवरचा परतावा त्या मोसमापुरता थांबवा. कोणत्या रात्री कुठे दिवे दिसले, याची वही प्रत्येक बंदरावर ठेवा आणि ती दर महिन्याला जाहीर करा. वेधशाळेने आणि दीपगृहाने वह्या ठेवल्या म्हणूनच त्यांच्यावर जगाने विश्वास ठेवला.

आणि शाळांसाठी एक. दक्षिण मुंबईतल्या प्रत्येक महापालिका शाळेच्या भूगोलात तिथीची पाऊणपट, चार सेकंदांचा हिशेब आणि दीपगृहाची लय एवढे तीन पाठ असावेत. मुलांना ससून डॉक दाखवावा, वेधशाळेची ओळख करून द्यावी, दिव्याची लय मोजायला शिकवावी. परीक्षेत विचारलं नाही तरी चालेल. या शहराला घड्याळ कुणी दिलं आणि अंधारात वाट कुणी दाखवली, हे ज्याला ठाऊक आहे, तो मोठेपणी समुद्राबद्दलच्या निर्णयावर सही करताना कोळीवाड्याला एकदा विचारील.

शहराने वेळ राखणाऱ्याला पगार दिला, दिवा राखणाऱ्याला घर आणि वही दिली, कारण दोघांवाचून बंदर चाललं नसतं. आज समुद्रावरचा काळोख राखणाऱ्यावाचून मासळी टिकणार नाही. तेव्हा त्यालाही नेमणूक हवी, बोट हवी, अधिकार हवा. नारळी पौर्णिमेनंतरची पहिली अमावास्या पिठोरी. आमच्या मोसमातली पहिली काळोखी रात्र ती, आणि दिवे लावणारेही तिचीच वाट बघत असतात. त्या रात्री गस्तीची बोट पाण्यात असली पाहिजे, आणि नव्या वहीतली पहिली नोंद त्या रात्रीची असली पाहिजे.